आठशे सातचं बिल

मागच्या महिन्यात दोन दिवस गावी जाऊन आलो. पुण्याहून नगर, पाथर्डी, गढी करत माजलगाव, आणि तिथून पुढे बाराएक किलोमीटरवर आमचं गाव. निघताना बायकोला म्हटलं होतं, या वेळी लॅपटॉप उघडायचाच नाही. नुसतं खायचं आणि झोपायचं. पण घरात पाऊल टाकलं, हातपाय धुतले, चहा आला आणि चहाच्या पाठोपाठ मोठीआईचा (म्हणजे माझी थोरली चुलती) प्रश्नही आला.

"तू कम्प्युटरवाला ना रे? मग सांग बरं, ह्याचं लग्न कधी होईल?"

'ह्याचं' म्हणजे माझ्या धाकट्या चुलतभावाचं. वय वर्षे चौतीस. सहा एकर रान, कालव्याचं पाणी, दारात ट्रॅक्टर, घरावर स्लॅब. बी. ए. झालेला. निर्व्यसनी (तंबाखू सोडून, पण तंबाखूला आमच्याकडे व्यसन म्हणत नाहीत). सहा वर्षांपासून स्थळं बघणं चालू आहे आणि सहा वर्षांपासून उत्तर एकच येतंय: मुलाला नोकरी आहे का? पुण्यात काही आहे का?

मी हसण्यावारी नेलं. म्हटलं, "मोठीआई, मी बँकांसाठी प्रोग्रॅम लिहितो, पंचांग नाही." सगळे हसले. तो मात्र हसला नाही. ट्रॅक्टरची चावी घेऊन बाहेर निघून गेला.

रात्री गच्चीवर पडलो तरी झोप येईना. कारण खरं सांगायचं तर मोठीआईने विचारलेलाच प्रश्न मी ऑफिसात रोज सोडवतो. सर्व्हरची डिस्क किती दिवसांत भरेल? महिनाअखेरीला किती लोक एकदम लॉगिन करतील? आजवरचे आकडे घ्यायचे, त्यातला कोणता आकडा पुढचं सांगतो आणि कोणता नुसता मागचं सांगतो हे ओळखायचं, आणि अंदाज बांधायचा. डिस्कसाठी चालतं तर माणसांसाठी का नाही? नाहीतरी झोप उडालीच होती. मग मोबाईलवरच आकडे उघडून बसलो.

तर मंडळी, आता थोडे आकडे. कंटाळू नका, फार नाहीत.

महाराष्ट्रात २००१ साली दर हजार पुरुषांमागे ९२२ स्त्रिया होत्या. २०११ साली झाल्या ९२९. वाढल्या! कोणीही म्हणेल, चला, सुधारणा आहे. पण याच दहा वर्षांत शून्य ते सहा वयोगटातल्या मुलींचं प्रमाण ९१३ वरून ८९४ वर आलं. राज्य एक, जनगणना एक, आणि दोन आकडे दोन विरुद्ध दिशांना. असं कसं? पहिल्या आकड्यात आज्या, पणज्या सगळ्या आल्या. बायका आता जास्त जगतात म्हणून तो वर जातो. तो मागचं सांगतो. दुसऱ्या आकड्यात फक्त गेल्या सहा-सात वर्षांत घराघरांत काय घडलं ते असतं, आणि पुढच्या पंचवीस वर्षांत काय घडणार तेही असतं. कारण पंचवीस वर्षांनी ज्यांची लग्नं व्हायची ती माणसं आजच जन्मलेली असतात. किंवा जन्मलेली नसतात.

आता आमचा जिल्हा. बीडमध्ये २००१ साली शून्य ते सहा वयात दर हजार मुलग्यांमागे ८९४ मुली होत्या. २०११ चा आकडा पहिल्यांदा आला तेव्हा तो ८०१ होता, अंतिम तक्त्यात ८०७ झाला. महाराष्ट्रात सगळ्यांत कमी. निसर्गाच्या हिशोबाने हजाराला साधारण ९५० मुली जन्माला येतात. म्हणजे हजारामागे दीडशेला थोड्या कमी मुली आल्याच नाहीत.

हा आकडा आला तेव्हा मी पुण्यात पहिल्या नोकरीत होतो. ऑफिसात कोणीतरी पेपर दाखवून विचारलं, "तुमच्या बीडला काय झालंय रे?" मी म्हटलं, "अरे, मोजण्यात चूक असेल." असं म्हणायला मला एक कारणही होतं. ते सांगण्यासारखं आहे.

आमचे अण्णा जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर. १९९१, २००१ आणि २०११, अशा तीन जनगणना त्यांनी केल्या. जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च आणि प्रत्यक्ष मोजणी ९ ते २८ फेब्रुवारी. आता बीड जिल्ह्यात फेब्रुवारीत काय असतं ते ज्यांना माहीत आहे त्यांच्या लक्षात आलंच असेल. दसरा-दिवाळी झाली की आमच्याकडून लाखो माणसं ऊसतोडीला पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात. परततात ती मार्च-एप्रिलात, पट्टा पडल्यावर. माजलगाव तालुक्यात धरणाचं पाणी आहे म्हणून थोडं बरं, पण वाड्या-तांड्यांवर फेब्रुवारीत निम्म्या घरांना कुलूप. नियम असा की मोजणीच्या त्या वीस दिवसांत जो एकदाही घरी नव्हता, त्याला घरी मोजायचं नाही. जिथे असेल तिथे मोजायचं. म्हणजे आमची माणसं कुठल्या तरी कारखान्याच्या फडावरच्या कोपीत मोजली जायची. अण्णा म्हणायचे, "मी माणसं मोजत नाही, कुलपं मोजतो."

गंमत म्हणजे त्याच माणसांना दुसरा एक माणूस अचूक मोजत असतो. मुकादम. त्याचं एकक वेगळं. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक 'कोयता'. एकटा माणूस 'अर्धा कोयता'. उचल द्यायची ती कोयत्याप्रमाणे. जनगणनेच्या हिशोबात बिनलग्नाचा गडी हा एक पूर्ण माणूस असतो. मुकादमाच्या वहीत तो अर्धा असतो. कोणाची वही खरी, हा प्रश्न मला अजून सुटलेला नाही.

असो. तर 'मोजण्यात चूक असेल' ही माझी समजूत. पण नंतर शांतपणे विचार केला तेव्हा ती टिकेना. फडावर जाताना तान्ही लेकरं आईबरोबरच जातात, मुलगा असो की मुलगी. त्याने एकूण आकडा कमी होईल, मुलग्यामुलींचं प्रमाण एवढं कशाला हलेल? आणि दुसरं म्हणजे, चूक नाही हे मला आधीपासूनच माहीत होतं. फक्त तसं म्हणायचं नव्हतं.

फेब्रुवारी २०११. शनिवार-रविवार जोडून गावी आलो होतो. अण्णांचे डोळे तेव्हा दुखत होते, म्हणून ते विचारायचे आणि मी लिहायचो. एकोणतीस प्रश्नांचा तो लांबलचक फॉर्म. चौकोनांत आकडे नीट बसले पाहिजेत, कारण पुढे मशीन ते वाचणार. आमच्या घरापर्यंत आलो. वहिनी, म्हणजे थोरल्या चुलतभावाची बायको, चुलीपुढे होती. अण्णांनी तिच्याकडे न बघता फॉर्ममधलं वाक्य वाचलं. "सूनबाई, जिवंत जन्मलेली मुलं एकूण किती? मुलगे किती, मुली किती?"

सगळ्या गावात हाच प्रश्न विचारून झाला होता. आमच्या घरात मात्र तो विचारल्यावर कोणीच बोलेना. भाकरी तव्यावर होती, ती तिने उलटली. मग आतून मोठीआईचा आवाज आला, "दोन लिहा. एक पोरगी, एक पोरगा. त्यात काय विचारायचं?"

मी लिहिलं. मुलगे १, मुली १. पुढचा प्रश्न, त्यापैकी आज हयात किती. मुलगे १, मुली १. दोन्ही उत्तरं नियमाप्रमाणे बरोबर होती. जिवंत जन्मलेली, असंच विचारलं होतं ना.

पुतणी २००५ ची. पुतण्या २००९ चा. आणि मधल्या २००७ च्या उन्हाळ्यात वहिनी दोन दिवस बाहेरगावी जाऊन आली होती. 'पोटात गाठ होती' असं घरात सांगितलं गेलं. मी तेव्हा इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला, सुट्टीत घरीच होतो. आठ दिवस ती आतल्या खोलीत पडून होती आणि माझी आई तिला तिथेच ताट नेऊन द्यायची. कोणी काही बोललं नाही. पण एवढ्या मोठ्या घरात जे बोललं जात नाही ते सगळ्यांनाच माहीत असतं. गर्भलिंग तपासणीवर महाराष्ट्राने १९८८ मध्येच कायदा केला होता, देशाचा कायदा १९९४ चा. मला दोन्ही पाठ होते, एका वक्तृत्व स्पर्धेत मी त्यावर बोललो होतो, बक्षीसही मिळालं होतं. घरात मात्र मी तोंड उघडलं नाही.

म्हणून ८०७ हा आकडा मला दुसऱ्यांसारखा पेपरात वाचून कळलेला नाही. त्यातला एक आमच्या घरातला आहे.

आता कोणी म्हणेल, अडाणी जिल्हा, अडाणी माणसं, असं होणारच. हा अंदाजही आकड्यांत बसत नाही. बीडची साक्षरता २००१ मध्ये ६८ टक्के होती, २०११ मध्ये ७७ टक्के झाली. शिक्षण नऊ टक्क्यांनी वर आणि मुलींचं प्रमाण ८७ ने खाली, त्याच दहा वर्षांत. शिकले की सुधारतील, पाणी आलं की सुधारतील, पैसा आला की सुधारतील, असं आपण शाळेपासून ऐकलं. सिंदफणेवरचं आमचं माजलगावचं धरण १९८७ ला पूर्ण झालं. पाणी आलं, ऊस आला, पैसा आला. त्या पैशाने मोटारसायकली आल्या, इंग्रजी शाळा आल्या आणि सोनोग्राफीपर्यंत जाण्याची ऐपतही आली.

आणखी एक गोष्ट. आजीला सहा लेकरं. मोठीआईला चार (थोरला, मग दोन मुली, मग हा). वहिनीला दोन. महाराष्ट्रात एका बाईमागे सरासरी मुलं १९९२-९३ मध्ये २.८६ होती, २००५-०६ मध्ये २.११, आणि २०१९-२१ च्या पाहणीत १.७. लहान कुटुंब हे सुधारणेचं लक्षण म्हणून आपण टाळ्या वाजवल्या, आणि ते बरोबरच आहे. पण मुलगाच हवा हा हट्ट तेवढाच राहिला आणि संधी मात्र सहावरून दोनवर आल्या. आजीच्या काळात मुलगा होईपर्यंत वाट बघत. वहिनीच्या वेळी वाट बघायला जागाच नव्हती. एक आकडा सुधारत होता आणि त्याच्याच भाराने दुसरा खाली बसत होता. आमच्या धंद्यात याला 'एक बग काढताना दुसरा घालणे' म्हणतात.

आता पुन्हा मोठीआईच्या प्रश्नाकडे येतो.

भाऊ १९९२ चा. त्याला शोभेल अशी मुलगी साधारण १९९४ ते २००० या काळात जन्मलेली हवी. म्हणजे २००१ च्या जनगणनेत जी शून्य ते सहा वर्षांची होती ती. तेव्हाचं प्रमाण किती? ८९४. म्हणजे आज गावोगाव तिशी ओलांडलेली जी पोरं पारावर बसलेली दिसतात, मुंडावळ्यांची वाट बघत, ते ८९४ चं बिल आहे. डिसेंबर २०२२ मध्ये सोलापुरात लग्नाळू तरुणांनी डोक्याला बाशिंग बांधून, घोड्यावर बसून कलेक्टर कचेरीवर मोर्चा काढला होता. टीव्हीवर बघून आपण सगळे हसलो. तो मोर्चाही त्याच पिढीचा.

८०७ चं बिल अजून यायचंय.

२०११ मध्ये जी पोरं शून्य ते सहाची होती त्यांच्यातली सगळ्यांत मोठी आत्ता कुठे एकविशी ओलांडतायत. हजार नवऱ्यांमागे ८०७ नवऱ्या. सगळ्या मुलींनी जिल्ह्यातच लग्न केलं असं धरलं, तरी दर पाचांतला एक जवळजवळ बाहेर राहतो. आणि तसं धरता येत नाही, कारण मुली शिकतायत, पुण्या-संभाजीनगरला जातायत, आणि शेतकरी नको म्हणतायत. (त्यांचं काय चुकलं?) शिवाय ही रांग बँकेसारखी संध्याकाळी बंद होत नाही. यंदा ज्याचं राहिलं तो पुढच्या वर्षीच्या पोरांबरोबर पुन्हा रांगेत उभा. नवरा चार-पाच वर्षांनी मोठा असण्याची आपली पद्धत, आणि दर वर्षी एकूण जन्म कमी होत जाणारे. म्हणजे मागून येणारी मुलींची तुकडी आणखी लहान. रांग वाढतच जाते. हे सांगायला ज्योतिषी लागत नाही, बेरीज-वजाबाकी येणारा माणूस पुरे.

मुली कमी झाल्या की त्यांची किंमत वाढेल, हुंडा संपेल, त्यांचं ऐकलं जाईल, असाही एक अंदाज मी कॉलेजात असताना वादविवादात ऐकला होता. हुंड्यापुरता तो आमच्या भागात थोडाफार खरा ठरलाही. पण २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत बीड जिल्ह्यात वीस ते चोवीस वयाच्या बायकांपैकी ४३.७ टक्के बायकांची लग्नं अठराच्या आत झालेली निघाली. राज्याचा आकडा २१.९. म्हणजे किंमत वाढली ती दागिन्यासारखी. दागिना जेवढा महाग, तेवढा लवकर कुलपात. आणि जोडीशिवाय कोयता पूर्ण होत नाही, हेही आहेच.

मोठीआईकडे जनगणनेचे तक्ते नाहीत. पण समाज किती बदलला हे मोजायचं माझं स्वतःचं एक माप आहे, आणि ते म्हणजे मोठीआईच्या अटी. मी सहा वर्षं त्या मनात नोंदवत आलोय. पहिल्या वर्षी हुंडा, पंधरा तोळे, पत्रिका, गोरा रंग, शिक्षण बारावीच्या वर पण मुलापेक्षा कमी, आणि अर्थात जात. दुसऱ्या वर्षी तोळे गेले. तिसऱ्या वर्षी हुंडा गेला आणि 'दोन्हीकडचा खर्च आम्ही करू' आलं. मग पत्रिका गेली. मग रंग. गेल्या वर्षी 'घटस्फोटित असली तरी बघू' इथपर्यंत यादी आली. कुठल्याही समाजसुधारकाला आमच्या घरात एवढा बदल सहा वर्षांत करता आला नसता. पण हा बदल म्हणायचा का? मन बदललेलं नाही, बाजार बदललाय. उद्या मुली पुन्हा वाढल्या तर यादी परत पहिल्यासारखी होईल का? हे माप एवढं सांगत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी खरी गोष्ट कळली. मला नुसता प्रश्न विचारण्यासाठी बोलावलेलं नव्हतं.

एक स्थळ आलं होतं. चांगलं घर, मुलगी पंचवीस वर्षांची. त्यांची अट एकच. त्यांचाही मुलगा बिनलग्नाचा, एकतीसचा. तेव्हा साटंलोटं करू. त्यांची मुलगी आमच्या भावाला, आणि आमची पुतणी त्यांच्या मुलाला.

पुतणी संभाजीनगरला शिकते. विशीची आहे. तिला न विचारताच हे सगळं ओसरीवर चाललं होतं. दादा, म्हणजे तिचा बाप, मान खाली घालून बसला होता. भाऊ तर तिथे थांबलाच नाही. मोठीआई मला म्हणाली, "तू शिकलेला आहेस, तुझं ऐकतील. सांग हिला समजावून." 'हिला' म्हणजे वहिनीला.

मी काय सांगणार? माझ्या डोक्यात रात्रभरचे आकडे होते. मी कोल्हापूरचं सांगायला लागलो. २००१ मध्ये सगळ्या राज्याची नजर कोल्हापूर-सांगलीवर होती. कोल्हापूर ८३९, सांगली ८५१. तेव्हा अंदाज बांधणाऱ्याने सरळ रेघ ओढली असती तर २०११ ला ते जिल्हे रसातळाला जायला हवे होते. पण तिथले आकडे ८६३ आणि ८६७ झाले, आणि घसरलो आपण. लक्ष्मीकांत देशमुख कोल्हापूरला कलेक्टर असताना त्यांनी सोनोग्राफी मशीनला नोंद ठेवणारं यंत्र बसवलं, 'सायलेंट ऑब्झर्व्हर' नावाचं. आमच्या भाषेत मशीनला लॉग चालू केला. नुसत्या यंत्राने झालं असं नाही, पण रेघ वळली. दक्षिण कोरियात १९९० मध्ये शंभर मुलींमागे ११६ मुलगे जन्मत होते, २००७ च्या सुमारास ते १०६ वर, म्हणजे निसर्गाच्या जवळ आले. तिथेही कोणी रेघ पुढे ओढली असती तर चुकलाच असता. आपल्याकडे २०१५ मध्ये 'बेटी बचाओ बेटी पढाओ'च्या पहिल्या शंभर जिल्ह्यांत बीडचं नाव आलं, आणि पुढे जन्मनोंदणीतलं प्रमाण सुधारल्याचं प्रशासन सांगत आलं आहे...

माझं भाषण असं बरंच लांबलं. मोठीआई ऐकत होती की नाही कोण जाणे. वहिनी दारात उभी होती, ओले हात पदराला पुसत. तिने मला मध्येच थांबवलं.

"भाऊजी, तुमचं राहू द्या." मग सासूकडे बघून म्हणाली, "आत्याबाई, एक दिली. आता दुसरी देणार नाही."

बस्स. एवढंच. आवाजही चढवला नाही. वीस-बावीस वर्षांत त्या घरात मी तिला सासूपुढे एवढं लांब वाक्य बोलताना ऐकलं नव्हतं. मोठीआईने काही उत्तर दिलं नाही. बराच वेळ शेंगा फोडत बसली. मग उठून आत गेली आणि दादाला म्हणाली, "त्यांना फोन करून सांग, जमत नाही म्हणावं."

परतीच्या वाटेवर गाडी चालवताना तेच डोक्यात होतं. अंदाज बांधणारे आम्ही लोक रेघ पुढे ओढतो. आजवर जे झालं तेच पुढे होईल, असं धरून. माणसांची संख्या मोजताना ते बरंचसं बरोबरही येतं, कारण जे जन्मले नाहीत ते काही मागून येणार नाहीत. ८०७ चं बिल भरावंच लागणार, त्यात सूट नाही. पण ते बिल कोणी भरायचं, हे काही त्या आकड्यात लिहिलेलं नाही. सगळं चाललं असतं तसं चालू दिलं असतं तर ते माझ्या पुतणीने भरलं असतं. या वेळी तिच्या आईने नाही म्हटलं. अशी किती 'नाही' आज जिल्ह्यात म्हटली जातायत, हे कुठल्या पाहणीत मोजतात? माझ्या मते पुढचं सांगणारा खरा आकडा तो आहे, आणि तो कोणाच्याच फॉर्ममध्ये नाही.

२०२१ ला व्हायची जनगणना तेव्हा झालीच नाही. पुढची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ ठरवली आहे. म्हणजे पुन्हा फेब्रुवारी, पुन्हा कुलपं. या वेळी आपली माहिती आपणच ऑनलाइन भरायचीही सोय आहे म्हणे. अण्णा निवृत्त झालेत, त्यांनी तर आधीच सांगून ठेवलंय, "आता तूच भर घरचं." भरेन. जिवंत जन्मलेली मुलं किती, असं विचारलं तर नियमाप्रमाणे दोनच लिहावी लागतील. पण या वेळी वहिनीला विचारून लिहीन, आतल्या खोलीला विचारून नाही.

निघताना मोठीआईने नेहमीप्रमाणे डिकीत ज्वारीचं पोतं, शेंगा, लोणच्याची बरणी असं सगळं कोंबलं. डिकी लावली, आणि काचेपाशी येऊन, आजूबाजूला कोणी नाही असं बघून, हळूच म्हणाली, "पुण्याकडं बघ एखादी. चांगल्या मनाची असली म्हणजे झालं. जातीचं बी काही नाही आता."

गढीपर्यंत मी काही बोललो नाही. बायकोने विचारलं, काय झालं? म्हटलं, काही नाही. यादीतली शेवटची अट गेली.